बाबांनी मागितलेलं कोकरू

मिरजेत जैनबीला न ओळखणारा माणूस नव्हता, आणि ती कोण हे माहीत असलेला माणूसही नव्हता. काळा तकतकीत वर्ण, लोकरीसारखे दाट केस आणि तोंडात मिरजेची रोखठोक मराठी. तंबोऱ्यांच्या एका दुकानाच्या दारात बसून भोपळे आतून खरवडायचं काम ती करी. नवं गिऱ्हाईक आलं की दुकानात शिरण्याआधी तिच्यापाशी थबके.

"बाई, तुम्ही कुठल्या?"

"मिरजेची."

"तसं नव्हं. मूळच्या?"

"तुमचं मूळ कुठं ठेवलंय ते सांगा आधी," असं म्हणून ती भोपळ्यात हात घाली.

ती सिद्दी होती. कधीकाळी आफ्रिकेतून गुलाम, शिपाई, खलाशी म्हणून आणलेल्या माणसांच्या वंशातली, माहेर भरूचकडचं. आफ्रिकेबद्दल तिला तुमच्याआमच्याइतकीच माहिती होती, म्हणजे काहीच नव्हती. एकाहत्तर साली आपल्या संघानं वेस्ट इंडीजला त्यांच्या घरात हरवलं, तेव्हा किराणा दुकानदार सयाजी तिला म्हणाला, "जिरवली का न्हाई तुमच्या लोकांची?" तिनं साखर पुन्हा तोलायला लावली.

तिचा नवरा याकूब कुपवाडच्या वाटेवर एका चिंचेखाली बावा गोरांचा चिल्ला सांभाळत असे. बावा गोर हे सिद्द्यांचे पीर. चिल्ला म्हणजे पिराची बैठक; तिथं कबर नसते, त्यामुळे जागा कमी लागते आणि भांडणंही कमी होतात. दर गुरुवारी तिसऱ्या प्रहरी तिथं मुगरमान वाजे. हा सिद्द्यांचा ढोल; पायांवर उभा राहणारा, कमरेएवढा उंच. तो वाजवी याकूबचा थोरला भाऊ जुम्मा. ढोलाबरोबरच्या गाण्यांतले निम्मे शब्द कुठल्या भाषेतले हे जुम्मालाही ठाऊक नव्हतं. पण एक शब्द इकडचा तिकडे झाला, की त्याचे हात थांबत.

ढोल चढला की जैनबीच्या अंगात बाबांची हाजरी येई. हाजरीचा नियम एकच. बाबा आले की बाई उरत नाही. म्हणून तोंडातून काय निघालं ते तिला मागाहून आठवत नाही. शुद्धीवर आल्यावर ते दुसऱ्यांनी सांगायचं. हा नियम सिद्द्यांच्या घरातला. नवस बोलायला येणाऱ्यांत मराठे, धनगर, जैन सगळे असत. त्यांना आपल्या प्रश्नाच्या उत्तराशी मतलब.

याकूब वारल्यापासून मात्र बाबा आले नव्हते. ढोल वाजे, जैनबी डोळे मिटून झुले आणि शेवटी चेहरा पुसून म्हणे, "आज नाही आले." लोक नारळ ठेवून जात. पिराची मर्जी. कुणी तिला दोष दिला नाही, याचंच तिला जास्त लागे.

बहात्तरच्या दुष्काळात जत तालुक्यातले धनगर मेंढरं घेऊन कृष्णाकाठाकडे सरकले. त्यांतलं अर्जुनाचं बिऱ्हाड चिंचेशेजारच्या पडीक रानात उतरलं. वाटेत कुठंतरी पावसावाचून खुरटून विषारी झालेली ज्वारी खाऊन त्यांचा अर्धा कळप आडवा झाला होता. अर्जुनाची आई धोंडुबाई हिनं दोष ज्वारीला दिला नाही. ज्वारीला माहेरी धाडता येत नाही. तिनं तो सुनेला, अंजनाला दिला.

गुरुवारी धोंडुबाई सुनेचं मनगट धरूनच चिल्ल्यावर आली. मागून अर्जुना, जमिनीकडं बघत.

"आवं जैनबी, हिची नजर हाय का न्हाई, बाबास्नी इचारा. असंल तर आजच हिला भावाच्या दारात टाकत्ये."

"भाऊ न्हाई घ्यायचा मला," अंजना म्हणाली. "दारातनं हाकलंल."

"मग तुजं तू बग."

जैनबी म्हणाली, "बाबा येतीलच असं नाही, आजी. दोन वर्षं झाली."

"न्हाई आलं तर न्हाई आलं. त्योबी जबाबच की! पाप्याचं त्वांड पीर बगत न्हाई."

जुम्मानं जैनबीकडं पाहिलं. मग लोबानाच्या धुरावर ढोल धरला, कातडं तापवलं आणि सुरुवात केली.

ढोल चढला. जैनबी झुलू लागली. पोटात नेहमी उठायची ती कळ उठली नाही, टाळू तापली नाही. चिंचेवरच्या कावळ्यांचं ओरडणं तिला ऐकू येत होतं. बाबा आलेले असते तर कावळे ऐकू आले नसते. पापणीच्या फटीतून तिला अंजनाचे पाय दिसले. उजव्या पायाचा अंगठा माती उकरत होता.

जैनबीनं किंकाळी फोडली. केस मोकळे सोडले आणि घोगऱ्या आवाजात म्हणाली, "पोरीच्या डोळ्यात काही नाही. मेंढरं तिनं मारली नाहीत. तिला एक मादी कोकरू द्या. ते तिचं, त्याची पैदास तिची. दुसऱ्या कुणी हक्क सांगितला तर माझ्याशी गाठ आहे."

मग ती कोसळली. तिच्यावर चादर घातली, पाणी शिंपडलं. हे सगळं रिवाजाप्रमाणे झालं.

धोंडुबाई पिराला भ्यायली होती, पण हिशेबी बाई. ती रानातून एक कोकरू घेऊन आली आणि अंजनाच्या पुढ्यात ठेवून म्हणाली, "घे बाई. पिराचं म्हननं ऱ्हायलं."

जैनबी नुकतीच उठून बसली होती. काय घडलं ते तिला अजून कुणी सांगितलं नव्हतं. तिनं कोकराकडं नजर टाकली आणि तिच्या तोंडून निघून गेलं, "हा नर आहे. मी मादी म्हटलं होतं."

जुम्माचा हात ढोलावरच राहिला.

धनगरांना यात वावगं काही दिसलं नाही. पीर फसला नाही एवढंच त्यांना कळलं. धोंडुबाईनं कान धरले, धावत जाऊन मादी आणली, वर एक नारळ ठेवला. अंजनानं कोकरू छातीशी धरलं. बिऱ्हाडाकडं परतताना अर्जुना पहिल्यांदा तिच्या बरोबरीनं चालला.

ते दूर गेल्यावर जुम्मानं ढोलावर कापड टाकलं.

"तुला कुणी सांगितलं, मादी म्हणून?"

जैनबी मोकळे केस बांधू लागली.

"बाबांच्या तोंडी तू आपलं बोलणं घातलंस."

"ती पोर कुठं गेली असती, जुम्माभाई?"

"ते बाबांनी बघितलं असतं."

"दोन वर्षं बघतायत ते! आणि आपण तरी काय मोठं जपलंय? गातो त्यातल्या निम्म्या शब्दांचा अर्थ तुम्हाला येत नाही."

"येत नाही म्हणून तर बदलत नाही," जुम्मा म्हणाला. "आपल्याजवळ दुसरं काय आहे?"

त्यानं तिचं बिंग कुणापुढं फोडलं नाही. फक्त ढोल वाजवायचं थांबवलं. गुरुवारी येऊन झाडलोट करी, लोबान जाळी आणि जाई.

इकडं जैनबीचा लौकिक जतपर्यंत पोचला. पिरानं कोकराचं लिंगसुद्धा ओळखलं, अशी बोलवा झाली. खरी हाजरी येत होती तेव्हा पाच माणसं नसत. आता वाटेवर बैलगाड्या उभ्या राहू लागल्या. "ढोल बंद आहे," असं ती प्रत्येकाला सांगे. त्यानं लोकांची श्रद्धा दुप्पट होई. ती जाऊन भोपळे खरवडत बसे आणि मधूनच हात थांबवून ऐके. कावळे ऐकू येतच.

पुढच्या वर्षी पाऊस झाला. दिवाळीनंतर एका गुरुवारी अंजना आली. बरोबर एक धष्टपुष्ट मेंढी, पोटाशी तिचं कोकरू. जुम्मा चिल्ल्याचा ओटा झाडत होता.

"वळखलं का, मावशी?" अंजनानं मेंढीच्या पाठीवर थाप मारली. "ही तीच. तुमी म्हनला व्हता न्हवं, मादी द्या म्हनून?"

झाडूचा आवाज थांबला.

जैनबीनं मेंढीचं तोंड कुरवाळलं. बराच वेळ कुरवाळलं.

"मी कुठली म्हणणार, पोरी? बाबा बोलले असतील," ती म्हणाली. "मला काही आठवत नाही."

जुम्मानं वळून पाहिलं. मग पुन्हा झाडायला लागला. ढोलावरची धूळ त्यानं कापडासकट झटकली. कापड काढलं नाही.