एकच हात वर

यार्डात झेंडी नसली, तर गाडी थांबवायला दोन्ही हात डोक्यावर न्यायचे. एकच हात दिसला, तर ड्रायव्हर गाडी काढतो. रेल्वेचे डबे जोडणाऱ्या शंटिंगवाल्या देविदासचा उजवा खांदा मागच्या वर्षी निखळला होता. खोबणीची कड फाटली आहे, दुर्बिणीनं शिवावी लागेल, असं डॉक्टरांनी सांगितलं. ऑपरेशनच्या धास्तीनं त्यानं ते दाबून ठेवलं.

काल झेंडी वाऱ्यानं उडाली. सोबतचा रूपेश डब्यांच्या मधात होता आणि इंजिन सरकायला लागलं. देविदासनं दोन्ही हात उचलले. उजवा अर्ध्यातच सटकून लोंबला. भोंगा देत ड्रायव्हरनं वेग वाढवला. रूपेश कसाबसा बाहेर लोळला.

आज दवाखान्याच्या वाटेवर, ऑटोत, बायको निशानं विचारलं, "भेव नाही वाटून राहिलं?"

"वाटते. पण डोळे मिटले की मले तो डावा हात दिसते."