जाळीची चाकं

आमच्या हॅचबॅकच्या चार चाकांवर चार वेगवेगळ्या नक्षीची झाकणं होती. मूळची झाकणं खड्ड्यांत उडाली. एकेक जाईल तसं रस्त्याकडेच्या दुकानात जे लटकत असेल ते मी बसवत गेलो. त्यामुळे डाव्या बाजूनं पाहिली तर गाडी एका घरातली वाटायची आणि उजव्या बाजूनं तिच्या सासरची.

झाकणांच्या आतली परिस्थिती आणखी वाईट होती. पालेगावात आम्ही राहायला आलो तेव्हा समोरचा रस्ता 'होणार' होता. हल्ली तो 'होतो आहे'. या होण्याच्या काळात मागच्या डाव्या रिमला असा पोचा पडला की टायरमधली हवा तिथून रोज थोडी थोडी निघून जायची. पेट्रोल पंपावरचा हवा भरणारा मला पाहिलं की काही न विचारता सरळ त्या चाकापाशी जाऊन बसायचा. नेहमीच्या पेशंटला नर्स ओळखते, तसं.

"अहो, चाकं बदला नाहीतर गाडी बदला," बायको म्हणायची. "तिसरं काय बदलता येईल ते माझ्या तोंडून काढू नका."

अशात धोंड्याचा महिना आला.

दर तीन वर्षांनी येणाऱ्या या अधिक महिन्यात आपल्याकडे जावई नावाच्या माणसाला अचानक भाव येतो. एरवी सासुरवाडीत स्वतःच्या हातानं पाणी घेऊन पिणारा हा इसम महिन्यापुरता नारायण होतो. त्याला पाटावर बसवतात, ओवाळतात, पुरणाचे धोंडे खाऊ घालतात आणि वर वाण देतात. वाण जाळीदार वस्तूचं असावं अशी रीत आहे, म्हणून अनारसे, बत्तासे. जाळीच का, हे मला आजवर कोणी नीट सांगितलेलं नाही, आणि वाण घेणाऱ्यानं फार चौकशी करू नये असं माझं मत आहे.

माझे सासरे बदलापूरला राहतात. मी त्यांना मामा म्हणतो, सासूबाईंना मामी. मागच्या धोंड्याला मामा छातीला वायरी लावून दवाखान्यात पडून होते. शुद्धीवर आल्यावर त्यांनी मामींना पहिला प्रश्न विचारला, "जावयांचं वाण दिलं का?" दिलं नव्हतं, सगळे दवाखान्याच्या व्हरांड्यात होतो. ते त्यांना लागून राहिलं. नंतर बारसं असो की साखरपुडा, मामा मला कोपऱ्यात घेऊन म्हणायचे, "जावईबापू, तुमचं एक राहिलंय माझ्याकडे." जणू मी वसुलीला आलोय. त्यामुळे यंदा त्यांचा फोन आला तेव्हा आवाजात तयारी होती.

"या वेळी माझ्या हातानं देणार. काय हवं ते बोला. लाजायचं नाही."

यावर जावयानं "काही नको हो मामा" म्हणायचं असतं. मी म्हणालोही. पण तेवढ्यावर थांबलो असतो तर तो मी कसला? "चाकं सोडली तर आम्हाला कशाची ददात नाही," असं वर जोडलं. विनोद होता. मामांना 'चाकं' एवढंच ऐकू गेलं.

"लोकांचे नवरे सासऱ्याकडून अंगठी घेतात," बायको म्हणाली. "माझ्या नवऱ्यानं टायर मागितले."

"टायर नाही, अलॉय व्हील," मी म्हणालो, कारण तोवर मी व्हिडिओ बघायला सुरुवात केली होती.

जुन्या गाडीला चाक निवडणं म्हणजे बाजारात जाऊन गोल वस्तू आणणं नव्हे, हे मला त्या व्हिडिओंनी शिकवलं. घेर जुळावा लागतो, रुंदी जुळावी लागते, चाक किती आत बसतं आणि किती बाहेर येतं ते जुळावं लागतं. सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे समोरासमोरच्या दोन बोल्टांमधलं अंतर. त्याला पीसीडी म्हणतात. मी आठवडाभर घरात पीसीडी, पीसीडी करत हिंडलो. भाजी निवडणाऱ्या बायकोलाही समजावून सांगितलं. ती म्हणाली, "पत्रिकाच जुळवताय की हो."

मग एका सकाळी मी पार्किंगमध्ये बैठक मारून, बायकोच्या शिवणाच्या डब्यातली टेप घेऊन, जातीनं माप घेतलं. एका नटाच्या बाहेरच्या कडेपासून समोरच्या नटाच्या बाहेरच्या कडेपर्यंत. आलं पावणेपाच इंच, थोडं कमी. व्हिडिओतल्या तक्त्यात पावणेपाच नव्हतंच. चार होतं, साडेचार होतं. टेप जुनी आहे, ताणली गेली असेल, असा शास्त्रीय विचार करून मी साडेचार धरलं. माप नटाच्या कडेपासून नाही, मध्यापासून घ्यायचं असतं हे त्याच व्हिडिओत पुढं सांगितलं होतं म्हणे. पण तोवर मधे जाहिरात लागली होती आणि मी उठलो होतो.

घेराचंही तसंच. आमची चाकं तेरा इंची. पण व्हिडिओतली सगळी पोरं चौदा-चौदा करत होती, आणि एका इंचानं माणूस जरा वर दिसतो. मी मामांना फोनवर ठणकावून सांगितलं, "चौदा इंची, चार नटांची, आणि पीसीडी साडेचार."

"साडेचार," मामा आदरानं म्हणाले.

उल्हासनगरच्या दुकानात मामा एकटे गेले नाहीत, मामीही गेल्या. आणि तिथं निवडीचा ताबा मामींनी घेतला. संध्याकाळी त्यांचा फोन आला. "जावईबापू, काय जाळी आहे म्हणून सांगू! दुकानदार बिचारा आडव्या-उभ्या दांड्यांची दाखवत होता. मी म्हटलं, नाही, वाणाचं आहे, जाळीच पाहिजे. शेवटी माळ्यावरून काढून दिली. अगदी अनारशासारखी."

माझ्या गाडीची चाकं अशा रीतीनं माझ्या मापावर आणि मामींच्या अनारशावर ठरली. दोन्हीपैकी एकाचाही गाडीशी संबंध नव्हता.

रविवारी आम्ही दोघं बदलापूरला पोचलो तर साडू आधीच हजर होते. माझ्या मेहुणीचे हे यजमान. त्यांची गाडी इतकी उंच की मामींना आत चढायला प्लॅस्टिकचं स्टूल लागतं. त्यांना चांदीचं जाळीदार तबक मिळालं. मग मामांनी पलंगाआडून एकेक करत चार चाकं ढकलत आणली. काळीभोर, झगझगीत, टायरसकट. मामींनी चौघांनाही हळद-कुंकू लावलं, वर एकेक फूल ठेवलं, आम्हा दोघा जावयांना ओवाळलं. मामांनी दोन्ही हातांनी पहिलं चाक माझ्या पुढ्यात सरकवलं आणि त्यांचे डोळे भरून आले.

"सुटलो," ते म्हणाले.

माणूस दवाखान्यातून तीन वर्षांपूर्वी घरी आला होता, पण खरा डिस्चार्ज त्याला त्या क्षणी मिळाला.

जेवण झाल्यावर मामांना दम निघेना. स्वतःच्या हातानं चाकं बसवायची होती. ते खाली उतरले, गाडी जॅकवर घेतली, पाना फिरवला, जुनं चाक काढलं. बिल्डिंगमधली चार माणसं गॅलरीत आली. मी जाळीदार चाक उचलून लावायला गेलो.

एक बोल्ट छिद्रात शिरला की समोरचा अडायचा. समोरचा शिरवला की पहिला बाहेर. आम्ही चाक पाव फेरा फिरवून पाहिलं, मग अजून पाव. जसं काही चारांतलं एखादं छिद्र आम्हाला सामील होणार होतं.

"होल छोटी पडतायत," मामा म्हणाले. "कानस आणतो."

"छोटी नाहीत बाबा, लांब लांब आहेत," बायको गॅलरीतून म्हणाली. मग मला, सगळ्या बिल्डिंगला ऐकू जाईल अशा आवाजात, "अहो, पत्रिकेत काय सांगितलं होतंत तुम्ही?"

साडू गाडीला टेकून बडीशेप चघळत होते. "भाऊ, हे चाक एखाद्या मोठ्या गाडीचं दिसतंय. माझ्या नाही हां, माझ्या गाडीला पाच नट असतात."

मामांनी कोणाकडं पाहिलं नाही. ते खाली उकिडवे बसून राहिले, हात त्या काळ्या जाळीवर. चेहरा पुन्हा दवाखान्यातला झाला.

"मामा, माप माझं चुकलं," मी म्हणालो. "दुकानदार बदलून देईल. रविवारी उल्हासनगर चालू असतं."

बदलून द्यायला दुकानदार एका पायावर तयार होता. साडूंच्या गाडीत चारही चाकं घालून आम्ही तिघं तिथं पोचलो, तर त्यानं आमच्या गाडीचं नाव आणि साल ऐकताच कपाळावर हात मारला. "अरे काका, गाडी का नाम बोलना था ना! आप बोले साडेचार, मैंने दिया साडेचार." आणि आतून तेरा इंची चाकं काढून समोर ठेवली. बरोब्बर आमच्या गाडीची. पाच जाड दांड्यांची, साधी, करडी.

मामांनी मामींना फोन लावला. स्पीकरवर नव्हता, तरी रस्त्यापलीकडच्या टपरीवर ऐकू गेलं असेल.

"दांड्यांची? आणि दिलेलं वाण परत करणार? हळद-कुंकू लावलंय त्याला! ओवाळून दिलेलं दुकानात परत देतात का कोणी? मागच्या वेळी राहिलं, या वेळी दिलेलं काढून घेता?"

मामांनी फोन खिशात ठेवला. "परत नाही करायचं," ते दुकानदाराला म्हणाले. "दुसरं काही सांगा."

दुकानदारानं आमच्याकडं अशा नजरेनं पाहिलं, की जणू त्यानं आयुष्यात सगळ्या तऱ्हेची गिऱ्हाइकं पाहिली पण चाकाला कुंकू लावून आणणारी पहिलीच. पण धंदा तो धंदा. "फिर अॅडाप्टर लगाओ," तो म्हणाला. अॅडाप्टर म्हणजे मधे बसवायची जाड चकती. तिची एक बाजू गाडीला जुळते, दुसरी चाकाला. "सिर्फ चाक थोडा बाहर आयेगा. और वजन मत डालना."

"वजन म्हणजे?" मी विचारलं.

"मतलब आदमी."

संध्याकाळपर्यंत चाकं बसली. आमची बापडी गाडी कमरेवर हात ठेवून भांडायला उभ्या राहिलेल्या बाईसारखी दिसत होती. चाकं दोन्ही बाजूंनी बॉडीबाहेर डोकावत होती. मामींनी खाली येऊन पुन्हा कुंकू लावलं आणि म्हणाल्या, "काय शोभा आली!"

"चला," मामा म्हणाले. "एक फेरी मारू."

मला दुकानदाराचं वाक्य आठवलं. पण मामा मागचं दार उघडून बसले होते. मामीही त्यांच्या शेजारी बसल्या. जावई म्हणून पुढची सीट साडूंचा मान, ते पुढं बसले. मागं उरलेल्या जागेत बायको. वजन म्हणजे आदमी, आणि आदमी भरपूर झाले.

गेटबाहेरचा पहिला गतिरोधक आला आणि मागून आवाज झाला. खर्रर्र! टायर वरच्या पत्र्याला घासत होतं. दुसऱ्या खड्ड्यात पुन्हा खर्रर्र. बदलापुरात खड्डे मोजायची सोय नाही, त्यामुळे आवाज जवळजवळ अखंडच येत होता, जात्यावर दळण घातल्यासारखा.

साडूंनी तोंड उघडलं, पण आरशात बायकोनं त्यांच्याकडं असं पाहिलं की ते बडीशेप शोधू लागले. मला आरशात मामा दिसत होते. मान जरा तिरकी करून ऐकत होते. आयुष्यभर मशिनवर काढलेला माणूस. लोखंड कुठं घासतंय आणि कुठं नाही, हे त्यांना कोणी सांगायची गरज नव्हती. आता हे काय बोलणार, या विचारानं मी गाडी आणखी हळू केली. आवाज आणखी स्पष्ट झाला.

"जावईबापू," मामा म्हणाले.

"काय मामा?"

"गाडीत दम राहिला नाही हो तुमच्या."

मी गिअर उतरवला.

"चाकं बघा, एकदम घट्ट. जराही हलत नाहीत. गाडीच खाली बसतेय." त्यांनी समोरच्या सीटवर थाप मारली. "झालं तिचं आता. या चाकांना शोभेल अशी गाडी पाहिजे."

"हो ना," बायको तेवढ्याच गंभीरपणे म्हणाली. "चाकं मिळालीच आहेत, आता गाडी तेवढी बघायची."

"बघू की," मामा म्हणाले. "पुढच्या धोंड्याला बघू. तीन वर्षं आहेत हातात, मी बसून काय करतो?" आणि बोटं मिटत-उघडत ते काहीतरी हिशेब करू लागले. गाडीचा असावा. मागच्या वेळी डॉक्टरांनी त्यांना तीन महिन्यांपलीकडची भाषा काढू दिली नव्हती.

खर्रर्र! मी तसाच पुढं गेलो. आता तो आवाज कुणालाच खुपत नव्हता.

मामी इतका वेळ खिडकीतून बाहेर बघत होत्या. त्यांनी मामांच्या गुडघ्यावर हात ठेवला.

"गाडी द्याल ती द्या. पण वाणाची असणार ना? तिला जाळी असते का?"

"असते की," मामा म्हणाले. "पुढं. नाकापाशी."

"मग बारीक बघा," मामी म्हणाल्या. "अनारशासारखी."