साडेपाचचा कोन

माझ्या सासूबाई, गुणमालाबाई, निवृत्त होईपर्यंत सांगलीतल्या एका शाळेत भूमिती शिकवत होत्या. कोन शिकवायला त्यांना कंपासपेटी लागायची नाही. वर्गातलं घड्याळ भिंतीवरून उतरवायचं, कळ फिरवून साडेतीन करायचे आणि विचारायचं, काट्यांमध्ये किती अंश? अख्खा वर्ग म्हणायचा, नव्वद. मग त्या लहान काट्यावर बोट ठेवायच्या. "मोठा काटा अर्धा फेरा मारून आला, तवर हा काय झोपला हुता?"

काचबिंदूनं दोन्ही डोळे गेले तेव्हा त्यांनी एकच मागणी केली. हॉलमधलं लंबकाचं घड्याळ हात पोचेल इतकं खाली घ्या. त्याचे टोले कधीच बंद पडलेत, पण चालतं चोख. काचेचं दार उघडून आई काटे चाचपतात आणि वेळ आपली आपण ओळखतात. सूर्यास्तानंतर अन्नपाणी घ्यायचं नाही, हे त्यांचं व्रत लग्नाआधीपासूनचं आहे. ते दुसऱ्याला वेळ विचारून पाळायचं त्यांच्या मनाला पटत नाही. मला याचा फार अभिमान वाटतो, आणि तो मी चारचौघांत मिरवते.

गेल्या मार्गशीर्षात आमच्या प्रीतीसाठी कडेगावची मंडळी यायची होती. पोरांची पसंती झालेली होती, थोरांची भेट तेवढी राहिली होती. मुलाच्या आई विजयमालाताई फोनवर म्हणाल्या होत्या, "आजींच्या पंगतीला बसायचं हाय आमास्नी." उन्हं असतानाच जेवायचं ठरलं. पण उसाचे दिवस. ट्रॉल्यांच्या रांगेत त्यांची गाडी अडकली ती अडकलीच. आई आतल्या खोलीत जपाला बसल्या होत्या. मंडळी दारात आली तेव्हा सूर्य मावळून गेला होता आणि घड्याळात साडेसहा झाले होते.

आमचे हे, म्हणजे आर्जव, हळदीचे व्यापारी. बाजारात यांना कुणी फसवू शकत नाही. आई पंगतीला बसल्या नाहीत तर पाहुण्यांना ते लागेल, प्रीतीचं जमता जमता बिनसेल, या धास्तीनं यांचं डोकंच फिरलं. मी स्वयंपाकघरात पुऱ्या तळत होते, तेवढ्यात यांनी घड्याळाचा लहान काटा बोटानं मागं ढकलला आणि आईंना हाताला धरून बाहेर आणलं.

"आई, मंडळी आली. चल जेवायला. साडेपाच झाल्यात बघ."

आई काही न बोलता घड्याळापाशी गेल्या. दार उघडलं. मोठा काटा सहावर. लहान काट्यावर त्यांचं बोट थांबलं, पुन्हा मोठ्यावर गेलं, पुन्हा लहानावर आलं. मी झारा हातात घेऊन दारात उभी होते.

"आर्जव, हा कोन कुठल्याच घड्याळात येत न्हाई रं," आई म्हणाल्या. "साडेपाचला लहान काटा पाच आनि सहाच्या मधोमध पायजे. पंधरा अंश. तू त्येला नेमका पाचावर बसवलास. तीस झालं."

यांनी काटा सरळ करायला हात पुढं केला, तो आईंनी बाजूला सारला.

"नीट सरकवला असतास तर मी जेवले असते. माझं व्रत तुझ्या कच्च्या भूमितीनं वाचवलं."

यांची मान खाली गेली. मला हसू आवरेना, आणि डोळ्यांत पाणीही आलं. मग विजयमालाताई उठल्या आणि त्यांनी आईंचे पाय धरले. "आजी, तुमी जेवला न्हाईसा तरी चालंल. पंगतीत नुसतं बसा, आमाला वाढायला सांगा."

आई बसल्या. कुणाच्या ताटात काय संपलंय ते कानानं ओळखून मला सांगत राहिल्या. स्वतः पाण्याचा घोटही घेतला नाही. जाताना विजयमालाताईंनी प्रीतीची ओटी भरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी देवदर्शन करून आई पाटावर बसल्या. मी उपीट वाढायला गेले तर त्यांनी ताटावर हात आडवा धरला.

"आर्जव, किती वाजले?"

"साडेआठ."

"कोन?"

हे घड्याळाकडं बघत बोटं मोजायला लागले. प्रीती सांगायला गेली, तिला आईंनी गप्प केलं. उपीट गार होत होतं. बऱ्याच वेळानं हे म्हणाले, "पंचाहत्तर."

आईंनी ताटावरचा हात काढला. "वाढ गं चंदना. पोरगा पास झाला."