चादरीवरचा ऑस्ट्रेलिया

कारखान्यात दोन गोष्टी साचत राहतात, रिकामे ड्रम आणि किस्से. ड्रम निदान भंगारवाला येऊन घेऊन जातो. किस्से मात्र माणूस रिटायर झाला की त्याच्या मागोमाग घरी राहायला येतात. माझ्याकडे बोईसरच्या कारखान्यातले इतके साचलेत की बायकोनं नियमच केलाय, पाहुण्यांचा चहा होईपर्यंत एकही सांगायचा नाही. तुमचा चहा झालेला दिसतो. तेव्हा आज फक्त ऑस्ट्रेलियाचे सांगतो.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मी लॅबमध्ये होतो. मेंटेनन्सला करमरकर साहेब होते. कारखान्यात नवीन ड्रायर येणार होता, तो शिकायला कंपनीनं त्यांना दीड महिना ऑस्ट्रेलियाला पाठवलं. इथून गेले ते करमरकर. परत आला तो आख्खा खंड.

येताना त्यांनी स्लाइड प्रोजेक्टर आणला आणि पेटीभर स्लाइड. कांगारू, एमू, वाळवंटातला लाल डोंगर, समुद्रातली पोवळी आणि तिथले मूळ रहिवासी. सामान उघडून होतंय न होतंय तोच बोईसरशेजारच्या सरावलीतल्या आमच्या कॉलनीत 'दक्षिण खंड अभ्यास मंडळ' स्थापन झालं. उद्देश असा की ऑस्ट्रेलियाचे प्राणी, भूगोल आणि आदिवासींचा इतिहास यांची बोईसरकरांना माहिती व्हावी. बोईसरकरांना तेव्हा पाण्याचा टँकर कधी येणार याची माहिती हवी होती, पण त्यासाठी मंडळ नव्हतं.

सभा दर पंधरवड्याला, टेबल टेनिसच्या हॉलमध्ये. सभासद बरेच जमायचे. करमरकर वहिनी सभेनंतर कांदाभजी करत, हे त्याचं एक किरकोळ कारण.

*

पडदा म्हणून वहिनींची पांढरी डबलबेडची चादर लावायचे. चादर माहेरची, तिच्या उजव्या कोपऱ्यात रेशमानं भरलेला निळा मोर. त्यामुळे आमच्या ऑस्ट्रेलियात कुठंही जा, कोपऱ्यात मोर असायचाच. वाळवंटात मोर, पोवळ्यांमध्ये मोर, कांगारूच्या शेपटीपाशी मोर.

एकदा पालघरहून भूगोलाचे एक मास्तर पाहुणे म्हणून आले. सगळं मन लावून पाहिलं आणि शेवटी विचारलं, की हा पक्षी तिथं सगळीकडे आढळतो का?

चादरीचं सांगावं तर कार्यक्रमाची शोभा जाते. करमरकरांनी क्षणभर विचार केला.

"आढळतो," ते म्हणाले, "पण कोपऱ्यातच."

मास्तरांनी मान डोलावली. पुढे कितीतरी वर्षं पालघरच्या मुलांनी काय लिहिलं असेल, देव जाणे.

*

एकदा निम्म्या सभेत लाइट गेली. कुणी उठून जाईल या भीतीनं करमरकर थांबलेच नाहीत. मिट्ट काळोखात त्यांनी एमू पळवले, कांगारूंच्या पोटातून पिल्लं काढली, वणवे लावले, विझवले. अर्ध्या तासानं लाइट आली तेव्हा चादरीवर नुसता मोर होता आणि सगळे सभासद रंगून बसले होते. स्टोअर्सचे सावे बाहेर पडताना म्हणाले की आजच्या स्लाइड सगळ्यात स्पष्ट होत्या.

*

आता एक गोष्ट सांगायला हवी. करमरकरांबरोबर ट्रेनिंगला दुसरा एक इंजिनीअर गेला होता. तो पुढे नोकरी सोडून गेला, पण जाताना माझ्या कानात सांगून गेला. दीड महिना दोघं हॉस्टेल ते कारखाना आणि कारखाना ते हॉस्टेल, एवढंच फिरले होते. कांगारू सोडा, धड मांजरसुद्धा पाहिलं नव्हतं. स्लाइड सगळ्या विमानतळावरच्या दुकानातून तयार घेतलेल्या.

मी हे कुणाला सांगितलं नाही, तरी बहुतेक सगळ्यांना ते माहीत होतं. कारण पेटीतल्या एकाही स्लाइडमध्ये करमरकर नव्हते. पण आमच्या मंडळाचा एक न लिहिलेला नियम होता, 'साहेब, यात तुम्ही कुठे?' हे विचारायचं नाही. करमरकरांचं प्रमोशन दोनदा हुकलं होतं. मॅनेजर त्यांना 'ते मेंटेनन्सचे' म्हणायचा. पण छडी घेऊन चादरीसमोर उभे राहिले की त्यांचा आवाज बदलायचा, पाठ ताठ व्हायची. ज्यानं ऑस्ट्रेलिया पाहिलाय असा बोईसरमधला एकमेव माणूस! तेवढी एकच इज्जत त्या माणसाकडे होती, आणि आम्ही कितीही खवचट असलो तरी तिला हात लावत नव्हतो. भजीही चांगली असायची.

नियम मोडला तो माझ्या आत्यानं. आत्या शिरगावची, चिकूची वाडी सांभाळणारी, अंगाखांद्यानं भक्कम बाई. माझ्याकडे आली की फुकटचा सिनेमा म्हणून पहिल्या रांगेत सुपारी कातरत बसायची. दोन-तीन सभा तिनं मुकाट्यानं पाहिल्या आणि मग विचारलंच.

"भाऊ, यात तुमी कुठं दिसत नाय ते?"

करमरकर हसून म्हणाले, आत्याबाई, फोटो काढणारा फोटोत कसा येणार? आत्याला ते पटलं. पुढची स्लाइड आली, विमानातून घेतलेला किनारा. विमानाचा पंख मध्ये आलेला.

"मंग हे इमान कोन चालवत होता?" आत्या म्हणाली.

त्या दिवशी भजी लवकर आली. पुढच्या सभेपासून प्रश्न फक्त प्राण्यांबद्दल विचारायचे, असा ठराव झाला.

*

मंडळाची एक अभ्याससहल निघाली, शिरगावच्या किल्ल्याला. किल्ला पाहायला नव्हे. किल्ल्याबाहेरच्या किनाऱ्यावर बसून ऑस्ट्रेलियाचा किनारा समजून घ्यायला.

सुरूच्या झाडांखाली सतरंज्या टाकल्या. करमरकर समुद्राकडे पाठ करून उभे राहिले आणि तिथली झाडं किती वेगळी, आपल्या नशिबात अशी झाडं नाहीत, असं हळहळून सांगू लागले. सुरू मूळचा तिकडचाच आहे, हे मी नंतर कुठंतरी वाचलं. म्हणजे आयुष्यात एकदा तो माणूस खरोखर ऑस्ट्रेलियाच्या सावलीत उभा होता आणि तिथंही त्यानं वर पाहिलं नाही.

झाडांनंतर भरती-ओहोटीचा विषय निघाला. दक्षिण गोलार्धात भरती कशी येते, हे ते वाळूवर रेघा मारून समजावत होते. आत्या दोनदा म्हणाली की भाऊ, पानी चढतंय. प्रश्न शेवटी, असं तिला सांगण्यात आलं. उत्तर गोलार्धातली भरती प्रश्नोत्तरांसाठी थांबली नाही. सगळ्यांच्या चपला आणि वहिनींचा पुऱ्यांचा डबा घेऊन ती गेली. आम्ही अनवाणी एस.टी.त चढलो तेव्हा कंडक्टरनं विचारलं, कुठल्या देवाला नवस होता?

*

आता लक्ष्मण वरठा. बॉयलरवर होता. वारली, डोंगराकडच्या एका पाड्यातला, आणि स्वतःच्या हुशारीवर मनापासून खूश असलेला गडी. अडकलेली स्लाइड ठोसा मारून पुढे सरकवण्याची कला त्याला साधली होती, म्हणून प्रोजेक्टर त्याच्या ताब्यात. कॅरमला चिडायचा, भजी दुसऱ्याच्या ताटलीतली खायचा आणि केसांचा भांग दर तासाला पाडायचा.

कारखान्याच्या स्नेहसंमेलनात मंडळानं नाटुकलं बसवलं, 'इंग्रजांचे आगमन'. करमरकर दिग्दर्शक. त्यांनी लक्ष्मणला बोलावून मोठ्या कौतुकानं आदिवासी नायकाची भूमिका दिली. म्हणाले, तुझ्याइतकं शोभून कोण दिसणार?

"मी नाय," लक्ष्मण म्हणाला. "आदिवासी मी घरी रोजच हाय. मला इंग्रज करा, साहेब. टोपी पन पायजे."

शेवटी सावे, मी आणि अकाउंट्सचे दोन गोरे कोकणस्थ अंगाला काजळी फासून आदिवासी झालो, आणि लक्ष्मण पुठ्ठ्याची टोपी घालून टेबल टेनिसच्या टेबलाच्या जहाजातून उतरला. त्यानं झेंडा रोवला. 'ही जमीन आजपासून आमची' एवढंच वाक्य त्याला होतं. ते त्यानं खणखणीत म्हटलं, मग प्रेक्षकांकडे वळून पदरचं एक जोडलं.

"मोबदल्याचं नंतर बघू!"

मागच्या रांगांत आजूबाजूच्या गावांतली माणसं बसली होती. त्यांच्याच शेतांवर आमची शेड उभी. अशा टाळ्या त्या हॉलनं कधी ऐकल्या नव्हत्या. पहिल्या रांगेतल्या मॅनेजरला एकाएकी खोकला आला. करमरकरांना वाटलं टाळ्या दिग्दर्शनाला आहेत. ते स्टेजवर येऊन वाकले.

*

आणि मग एके दिवशी ऑस्ट्रेलियाहून माणूस आला. खराखुरा! ड्रायर बसवायला आलेला रॉजर नावाचा इंजिनीअर. उंच, लालबुंद, गळ्यात कॅमेरा. महिनाभर राहणार होता.

करमरकरांचा चेहरा पाहवत नव्हता. पहिले दोन दिवस त्यांनी पोट बिघडल्याची रजा टाकली. तिसऱ्या दिवशी मॅनेजरनं फर्मान काढलं की पाहुण्याच्या निरोपाला मंडळाचा कार्यक्रम झालाच पाहिजे, त्यांच्या देशाची माहिती आपल्याकडे किती आहे ते त्यांना कळू दे. मॅनेजर स्वतः येणार. झालं, करमरकरांची झोप उडाली. एकदा लॅबमध्ये येऊन माझ्याजवळ नुसतेच बसले. "त्यानं एखादा प्रश्न विचारला तर..." एवढंच म्हणाले. मला खरंच वाईट वाटलं. धीराचं बोलायला मला जमत नाही, म्हणून चहा मागवला.

इकडे रॉजरला सुट्टीच्या दिवशी काय दाखवावं, हा प्रश्न. आम्ही सगळे त्याला ऑस्ट्रेलिया दाखवायच्या तयारीत गुंतलेले. लक्ष्मण मोकळा होता. तो त्याला एस.टी.त घालून आपल्या पाड्यावर घेऊन जायचा. तिथं पाहण्यासारखं काय आहे, असं मी विचारलं तर करमरकर म्हणाले, "असणार काय? डोंगर!" आमच्यातलं कुणीही त्या बाजूला कधी गेलेलं नव्हतं.

निरोपाचा दिवस आला. हॉल भरलेला. मॅनेजर, पाहुणा, पहिल्या रांगेत आत्या. चादरीला खास इस्त्री. करमरकरांनी छडी उचलली. इंग्रजीत बोलायचं ठरलेलं होतं, पण घाबरून ते मराठीतच सुरू झाले आणि मी रॉजरशेजारी बसून जमेल तसं इंग्रजी करत राहिलो. कांगारू झाले, लाल डोंगर झाला, मूळ रहिवाशांवरचा अन्याय सांगताना नेहमीप्रमाणे त्यांनी रुमाल काढला. शेवटची स्लाइड संपली आणि तो उठून उभा राहिला.

रॉजर म्हणाला की तो मेलबर्नमध्ये जन्मला, तिथंच शिकला, तिथंच कारखान्यात चिकटला. यातलं काहीही त्यानं कधी पाहिलेलं नाही. माझा देश मला तुम्ही दाखवलात, असं म्हणून त्यानं करमरकरांचा हात दोन्ही हातांत घेतला. मॅनेजरनं टाळ्या वाजवल्या. 'वेल डन, करमरकर!' म्हणाला. नावानं! वहिनींनी डोळ्याला पदर लावला. मीही दुसरीकडे पाहिलं.

इथंच थांबलं असतं तर बरं झालं असतं. पण रॉजर म्हणाला, माझ्याही थोड्या स्लाइड आहेत, मुंबईहून कालच धुऊन आल्यात. लक्ष्मणनं त्या प्रोजेक्टरमध्ये भरल्या. कुठल्या, काय, हे कुणी विचारलंच नाही. ऑस्ट्रेलियाच्या माणसाच्या स्लाइड म्हणजे आणखी कुठल्या असणार?

करमरकर तर हवेतच होते. त्यांनी छडी पुन्हा उचलली. मी इंग्रजी करायचं सोडून दिलं होतं, त्यामुळे पाहुणा नुसता हसून मान हलवत होता.

चादरीवर कुडाचं घर आलं. गेरूनं सारवलेल्या भिंतीवर पांढरी चित्रं. "ही पाहा त्यांची वस्ती," करमरकर म्हणाले. "हजारो वर्षं अशीच. आपल्याकडे असं काही उरलेलं नाही." मॅनेजर हळहळला. मग रिंगण धरून नाचणारी माणसं आली, मधोमध लांब भोपळ्याचं वाद्य वाजवणारा. करमरकरांनी त्याचं ऑस्ट्रेलियन नाव सांगितलं आणि आवाज कसा येतो तोही काढून दाखवला. मग धुकं असलेले हिरवे डोंगर. ते करमरकरांनी ऑस्ट्रेलियाच्या उत्तर किनाऱ्यावर नेऊन ठेवले. लक्ष्मण निमूटपणे एकेक स्लाइड पुढे ढकलत होता. भांगसुद्धा पाडत नव्हता.

मग एक म्हातारी आली. उंबऱ्यावर बसलेली, कडेला कोंबडी, कॅमेऱ्याकडे बघून तोंडभर हसणारी.

"आणि ही," करमरकरांचा आवाज जड झाला, "त्या नामशेष होत चाललेल्या जमातीतली एक वृद्धा."

पुढच्या स्लाइडसाठी त्यांनी छडी आपटली. स्लाइड हलली नाही. त्यांनी पुन्हा छडी आपटली आणि म्हणाले, वरठा, पुढे.

"थांबा की साहेब," लक्ष्मण म्हणाला. "माजी आय हाय ती. आस्ट्रेलियाला कदी गेली, बगू तरी द्या."

करमरकरांची छडी म्हातारीच्या खांद्यापाशी तशीच टेकलेली. मॅनेजर चादरीकडे पाहत होता, वहिनी जमिनीकडे. पाहुणा अजूनही आनंदात हसत होता.

लक्ष्मणनं आईकडे पोटभर पाहिलं, आणि मग बटण दाबलं.

शेवटची स्लाइड होती. आमच्या कारखान्यातली शेड, ओळीनं मेंटेनन्सची सगळी माणसं, आणि मधोमध, नव्या ड्रायरवर हात ठेवून, करमरकर साहेब.

पहिल्या रांगेतून आत्याचा आवाज आला, समाधानाचा.

"हां! आता दिसले भाऊ."