भिंतीला तोंड फुटतं

टेनिस कोर्टावर तिला सगळे ‘भिंत’ म्हणत. कसाही मारा, चेंडू परत येणारच. पण गुडघ्याने दगा दिला, रॅकेट कपाटावर चढली आणि रिकामं घर तिला खायला उठलं. अशात रेडिओच्या साहेबांनी एका सामन्याचं समालोचन देऊ केलं. तोवर त्या खुर्चीत बाई अशी बसलीच नव्हती.

"जमलं तर अख्खा हंगाम तुमचा," साहेब म्हणाले. "नाहीतर आपले काका आहेतच."

काका म्हणजे जुने समालोचक. ते शेजारच्याच खुर्चीत घसा खाकरत बसले होते. भिंतीला कान असतात हे जगजाहीर. तोंड असतं का, एवढंच ठरायचं होतं.

समालोचकांच्या उघड्या खिडकीखाली सामना सुरू झाला. गुण संपला की बाई झकास बोले. पण चेंडू खेळात आला, की मिठाची गुळणी! साहेब धावत आले.

"अहो बाई, लोक रेडिओ बडवतायत! बंद पडला म्हणून!"

"चेंडू खेळात असताना बोलू नये, साहेब. लहानपणापासून तेच शिकलेय."

"ते बघणाऱ्यांना! दुसऱ्या सेटला असंच झालं, तर माइक काकांकडे."

काकांनी घाईघाईने घशाची गोळी तोंडात टाकली.

दुसरा सेट सुरू झाला. बाईची जीभ काही हलेना. मग आठवलं, दुहेरीत ती बोलायची की! जोडीला थोरली बहीण असे आणि दोघी सामनाभर एकमेकींवर खेकसत. तिने ताईला डोळ्यांसमोर उभं केलं, ताईच्या डोळ्यांवर मनातल्या मनात पट्टी बांधली आणि जी सुटली!

"ताई, उजव्या कोपऱ्यात मारलाय बघ! पोचली गं पोरगी!"

चार-पाच गेम असे धडाक्यात गेले. मग एक चेंडू उंच उडाला. "मागे सर ताई, मागे... सोड! बाहेर जातोय!"

खिडकीखालच्या खेळाडूने उगारलेली रॅकेट खाली घेतली. चेंडू वीतभर बाहेर पडला.

पलीकडची मुलगी कमरेवर हात ठेवून वर बघत ओरडली, "ही बाई नक्की कोणाकडून खेळतेय?" पंचही खुर्चीतून उठले.

बाईने पटकन तोंडावर हात ठेवला. काकांचा हात माइककडे सरकला.

"बसा हो काका," साहेब म्हणाले. त्यांनी खिडकीतून पंचांना हात जोडले, काच ओढून कडी घातली. "हं, आता ओरडा मनसोक्त. हंगाम तुमचाच. पण फोनवर लोकांना काय सांगू? सगळे एकच विचारतायत, ताई जिंकतेय ना?"