अंकल पिलिपोंची लाट

अंकल पिलिपोंची आणि माझी पहिली भेट झाली तेव्हा मी बुडत होतो. अंकल शेजारीच आपल्या सर्फबोर्डवर मांडी घालून बसले होते आणि मी नेमका कुठे चुकलो ते मला सविस्तर समजावून सांगत होते. त्यांचं सांगून होईपर्यंत मी अर्धा पॅसिफिक प्यायलो होतो आणि एका माशाने माझ्या चड्डीत संसार थाटला होता. मग त्यांनी मला केसांना धरून वर ओढलं.

हवाईतल्या ओआहू बेटाच्या उत्तर किनाऱ्यावर कुणीही सर्फिंगवर माहितीपट काढायला आलं, की अंकलना खुर्ची टाकून बसवतात. दुसरे ज्या लाटांवर स्वार झाले, त्यांचं ते असं वर्णन करतात, की कॅमेरावाल्याच्या अंगावर पाणी उडावं. पण ऐन तारुण्यात एका तीन मजली लाटेवर ते स्वतः स्वार झाले होते. तिचा फोटो नाही. पाहणाऱ्यांपैकी आता उरली फक्त त्यांची बायको लेइना. ती लाट एकदा पडद्यावर यावी, एवढाच त्यांचा ध्यास.

गेल्या हिवाळ्यात कॅलिफोर्नियाहून आलेल्या एका दिग्दर्शिकेने अखेर विचारलं, "अंकल, तुमची स्वतःची सगळ्यात मोठी लाट कुठली?"

अंकलनी पोट आत घेतलं आणि सांगायला सुरुवात केली. बाजूला बियर पीत बसलेले आम्ही सगळे जवळ सरकलो.

"किती फुटांची होती?"

आता आमच्याकडे लाट मोजतात ती पाठीमागून. समोरून तीस फूट दिसली, की आम्ही पंधरा म्हणायचं. जास्त सांगणाऱ्याची जन्मभर टिंगल होते.

"असेल पंधराएक," अंकल म्हणाले.

"पंधराच?" दिग्दर्शिकेचा चेहरा उतरला.

"अरे ए म्हाताऱ्या, तीस सांग तिला!" लेइना मागून ओरडली. "किनाऱ्यावर उभी राहून रडत होते मी!"

"तू समोरून पाहिलीस," अंकल पुटपुटले.

"सांगा अंकल, सांगा तीस!" शेजारचा कावेना म्हणाला. "आम्ही नाही हं हसणार!" आणि सगळे हसले.

अंकलनी एकदा कॅमेऱ्याकडे पाहिलं, एकदा आमच्याकडे.

"बाराच धरा," ते म्हणाले.

वसंतात माहितीपट आला. अंकल त्यात पुष्कळ वेळ आहेत, दुसऱ्यांच्या लाटांबद्दल बोलताना. त्यांची लाट कापली.