शांताबाईंचा चेहरा

आज सकाळी मुकुंददादा गेला.
मला रडूही आलं नाही. नुसतं दमायला झालं.

तीस वर्षं हा माणूस नगर जिल्ह्यात कॅमेरा घेऊन फिरला. साखर कारखान्यातला बॉयलर, एमआयडीसीतले लेथ, जामखेडकडे खडी फोडणारी माणसं. मी त्याची एडिटर. म्हणजे त्याच्याशी भांडणारी.

भांडण एकाच गोष्टीवरून. दादाचा नियम होता, फिल्म झाली की आधी त्यातल्या माणसांना दाखवायची. ती "हे काढा" म्हणाली की काढायचं. वाद नाही.

विडी कामगारांच्या फिल्ममध्ये शांताबाई होत्या. मांडीवर सूप, सुपात तंबाखू, आणि तोंड अखंड चालू. हसायच्या तर इतकं छान!

भर दुपारी त्यांच्याच घरी टीव्हीवर फिल्म दाखवली. पदर तोंडाला लावून म्हणाल्या, "दादा, लई ग्वाड झालंय. पन माझं तोंड काढा. पोरीला बघायला पावनं येनार हायेत."

मी म्हटलं, "फिल्ममधून काढू. टेप राहू दे."

"टेप ठेवली तर काढलं कुठे?" दादा म्हणाला.

घरी परतल्यावर लेन्सला झाकण लावून त्याने त्याच टेपवर रेकॉर्डिंग सुरू केलं. तासभर आम्ही दोघं तिच्यात काळोख भरत बसलो. कॉम्प्युटरमधलंही त्याने मला पुसायला लावलं. मी महिनाभर त्याच्याशी बोलले नाही.

फिल्ममध्ये उरले नुसते हात.
दिल्लीच्या फेस्टिव्हलला लोक म्हणाले, काय स्टाईल आहे!
"डोंबलाची स्टाईल," दादा म्हणाला. "पोरीचं जमलं का, ते बघ."

जमलं.

आज अमरधाम स्मशानातून परतले, तर दादाच्या दारात शांताबाई. पार थकल्यात. दात गेलेत.

"ताई, आता कुनाची भीती न्हाई. माझं तोंड घाला की परत. नात इचारती, आज्जी तू कशी दिसत हुतीस? त्या वयातला एक फोटू न्हाई घरात."

मी खरं ते सांगितलं. कुठेच काही नाही.

"खरंच पुसलं हुतं व्हय? मला वाटलं, मानूस नुसतं म्हनतं."

आणि रडायला लागल्या. दादासाठी की स्वतःसाठी, मी विचारलं नाही. तिथेच पायरीवर बसले आणि मीही रडले.

दादा, एकदा तरी माझं ऐकायचं होतंस रे.

नीट जा. माझा आणि शांताबाईंचा शेवटचा नमस्कार.